तोतया डिटेक्टिव्हचा मार

मला मार खाता येतो. ही बढाई नाही. ज्या पिक्चरांत मी काम करतो, तिथं ती एक कला धरली जाते. धुळ्यात माझं फॅब्रिकेशनचं दुकान आहे. गेट, ग्रिल, जिन्याचे कठडे, उन्हाळा आला की कुलरच्या बॉड्या. वेल्डिंगचा धूर खाऊन कंटाळा आला की मी अहिराणी कॉमेडी पिक्चरांत जातो. हे पिक्चर थेटरात लागत नाहीत, मोबाइलवर चढतात आणि धुळ्यापासून पार सुरतेला पोटापाण्यासाठी गेलेल्या आपल्या लोकांपर्यंत पोचतात. त्यांत माझं काम ठरलेलं. शेवटी ज्याला सगळे मिळून चोपतात, तो मी.

कला अशी, की मारणाऱ्याचा हात गालाजवळून नुसता गेला पाहिजे आणि माझी मान नेमकी त्याच वेळी फिरली पाहिजे. आधी फिरली तर लबाडी उघडी पडते, उशिरा फिरली तर खरीच बसते. मग गाल फुगवायचे, डोळे तिरळे करायचे, पडताना एक पाय हवेत राहू द्यायचा. त्यात माझ्या चेहऱ्याची घडणच अशी आहे, की जितका मार खावा तितका मी हसरा दिसतो. लहानपणी मास्तर छडी मारताना म्हणायचे, "हसतोस काय?" आणि आणखी दोन जास्त मारायचे. त्याच चेहऱ्यावर पुढं लोक हसले, तेव्हा मला वाटलं, चला, वसूल झालं.

आमचा डायरेक्टर माझा शाळेपासूनचा दोस्त. एरवी तो लग्नाचं शूटिंग करतो. नवरीला "ताई, जरा मान तिरकी" म्हणायची सवय लागलेली, त्यामुळे चोरालाही तो तसंच सांगतो. हा पिक्चर त्यानं स्वतः लिहिला होता. एक भुरटा चोर विहिरीवरची पाण्याची मोटर चोरतो, पळता पळता एका गावात शिरतो, आणि गावाला वाटतं की मोटरचोर शोधायला मुंबईहून जो डिटेक्टिव्ह येणार होता तो हाच. मग चोर डिटेक्टिव्ह बनून स्वतःच केलेल्या चोरीचा तपास करतो. भिंगातून स्वतःच्या पावलांचे ठसे बघतो आणि सरपंचाला सांगतो, "चोराची चप्पल फाटकी आहे, माणूस गरीब दिसतो, जाऊ द्या त्याला." बायका त्याला घरोघर जेवायला बोलावतात. शेवटी त्याचं त्यालाच राहवत नाही. गाव त्याचा सत्कार करत असताना तो माईकवरून कबूल करतो, की चोर मीच. मग गाव त्याला धुतं. मला विचाराल तर त्यानं लिहिलेल्यांपैकी सगळ्यात चांगली गोष्ट हीच होती.

धुळ्याकडं ऐन एप्रिलमध्ये शूटिंग करायचं म्हणजे पाठीमागं नुसतं उजाड रान. डायरेक्टरला हिरवं हवं होतं. म्हणून आम्ही जळगाव ओलांडून रावेरच्या बाजूला, केळीच्या पट्ट्यात, एका गावी गेलो. गाव चांगलं होतं. शाळेच्या खोल्या दिल्या, ताक पाजलं, कुठं उभं राहिलं तर ऊन लागणार नाही तेही सांगितलं. पण आम्ही पडलो धुळ्याचे. बाजरी, कापूस, भुईमूग आम्हाला कळतो. केळी आम्हाला फक्त सोलून खायची माहीत.

डिटेक्टिव्हसाठी एक पांढरा लांब कोट शिवून घेतला होता. तो डायरेक्टरला फार कोरा वाटला, चोराच्या अंगावर शोभेना. रस्त्याच्या कडेला घड उतरवून टाकून दिलेलं केळीचं खोड पडलं होतं. त्यानं ते फोडलं आणि त्यातला चीक माझ्या कोटाच्या छातीवर, बाह्यांवर चोळला. चीक पाण्यासारखा, काहीच दिसेना, तेव्हा तो वैतागून निघून गेला. दुसऱ्या दिवशी बघतो तर कोटावर काळपट तपकिरी डागच डाग. त्याला भलताच आनंद झाला. ज्या घरी आम्ही जेवत होतो तिथल्या अक्का मात्र कोटाकडं बघून म्हणाल्या, "चांगलं कापड वाया घातलं. हा डाग कापड फाटेलोग जात नाही." त्या भागात केळीच्या कामाचे कपडे वेगळे ठेवतात, ते कपडे घालून कुणी पाहुण्यासमोरही येत नाही. हे त्यांनी सांगितलं होतं आणि आम्ही हसून सोडून दिलं होतं.

माराचा सीन शेवटच्या दिवशी सकाळी ठेवला. मारायला माणसं लागतात, ती गावातलीच घेतली. हौसेनं भरपूर जमली. डायरेक्टर ट्रॅक्टरच्या ट्रॉलीवर कॅमेरा लावून उभा, गळ्यात त्याचा स्वतःचा माईक, आणि शाळेचा मोठा स्पीकर झाडाला टांगलेला. तो सगळ्यांना सांगत होता, "हात हवेत मारायचा. लाथ जमिनीवर. शिव्या खुशाल द्या, आवाज नंतर भरायचा आहे. मी कट म्हटलं की सगळे मागं."

मी चावडीपुढं हार घालून उभा राहिलो. हातात माईक. पाठ केलेलं बोललो. "गावकरी हो, हार काढून घ्या. ज्याला तुम्ही शोधताय तो मीच. रात्री तुमच्या शेतात मीच शिरलो होतो. तुमच्या घरचं जेवलो आणि तुम्हालाच फसवलं." स्पीकर असा खणखणीत होता, की माझा कबुलीजबाब पार बागांपर्यंत गेला असेल. लोक "धरा, धरा" करत धावून आले. पहिली चापट हवेतून गेली. दुसरीही हवेतून गेली, मी छान गिरकी घेतली. तिसरी कानाखाली बसली.

ती खरी होती. कानात जी शिट्टी वाजायला लागली, ती पुढं आठवडाभर वाजत होती. समोर माझ्याच वयाचा एक माणूस उभा होता, डोक्याला लाल रुमाल, पायात टायरच्या तळव्याची चप्पल. आधीच्या दिवसांत त्याला मी पाहिलं नव्हतं. मला वाटलं, गडी नवा आहे, जोश जास्त आहे. अशा वेळी सीन तोडायचा नसतो, हे आम्हाला पाठ असतं. मी गाल फुगवले, डोळे तिरळे केले आणि त्याच्याकडं बघून दात दाखवले.

त्यानं माझ्या छातीत लाथ घातली. मी पाठीवर पडलो तेव्हा सवयीनं एक पाय हवेत ठेवला. लोक खदखदून हसले. त्यानं तो वरचा पाय धरला आणि मला मातीतून ओढत नेलं, मग बरगड्यांत लाथा घालायला लागला. श्वास आत जाईना. मी ओरडलो, पण डोक्यावर स्पीकर गरजत होता, "मस्त. मागचे पुढं या. लाल रुमालवाले भाऊ, एकदम भारी. त्याला उठू देऊ नका." लाल रुमालवाल्याच्याच घरचे असावेत असे दोघे आणखी पुढं आले आणि तेही खरे मारायला लागले. एकाच्या हातात पाण्याच्या पाइपाचा तुकडा होता. बाकीचे कडेला उभे राहून मोबाइल धरत होते. त्यांना काय दोष द्यायचा, त्यांना मी पिक्चरातच दिसत होतो.

उठायला म्हणून मी उजवा हात जमिनीला टेकवला. त्यानं तो पाहिला आणि त्यावर टाच ठेवली. ठेवून पाय फिरवला, विडी विझवतात तसा. बोटं मोडल्याचा आवाज मला आला नाही, पण जी कळ डोक्यापर्यंत गेली ती आठवली की आजही माझ्या तोंडाला पाणी सुटतं, ओकारीच्या आधी सुटतं तसं. मी त्याच्या पोटरीला चावलो. जोरात, अगदी जीव खाऊन चावलो. तोंडात रक्त आलं, त्याचं की माझं कळेना. त्यानं गुडघा मारला, माझा पुढचा दात तुटला आणि मी तो रक्ताबरोबर गिळला.

डायरेक्टर "कट" म्हणाला. सगळे मागं सरले. लाल रुमालवाला एकटा सरला नाही. "कट भाऊ, कट. झालं," असं स्पीकर म्हणत राहिला आणि तो मारत राहिला. शेवटी गावातल्या एका म्हाताऱ्यानं, ज्याला सगळे आबा म्हणत होते, मागून त्याच्या कमरेला मिठी घातली आणि त्याच्यासकट स्वतःला जमिनीवर पाडून घेतलं. तेवढ्यात माझ्या डोळ्यांपुढं अंधारी आली.

मला जळगावला नेलं ते केळीचे घड वाहायच्या पिकअपमधून, केळीच्या पानांवर निजवून. आबा शेजारी बसले होते. वाटेत मला शुद्ध आली तेव्हा त्यांनी मला काय घडलं ते सांगितलं. त्या माणसाची बाग आदल्या रात्री कुणीतरी कापली होती. घड नाही चोरले, उभी खोडंच कोयत्यानं तोडून आडवी पाडली. "निसवेल बाग होती, भो," आबा म्हणाले. म्हणजे घड बाहेर पडायला लागलेली. "बठ्ठी आडवी केली, येक खोड ठेवलं नाही. सकायपासून पंचनामा चालू होता वावरात. तिथून तो येत होता, अन् स्पीकरवर तुहं बोलनं आयकलं. मंग तुह्या कोटावरचे डाग पाह्यले. ओझं वाह्यनाऱ्याचे डाग खांद्यावर रायतात. उभं खोड कापनाऱ्याच्या छातीवर उडतात."

मी पानांवर पडल्या पडल्या ऐकलं. वर्षभर पोराबाळांसारखी वाढवलेली बाग कुणी रातोरात कापून टाकावी, हे वाईटच. पण मला त्या वेळी एवढंच वाटलं, की तुमची बाग कुणी का कापेना, माझा हात का गेला? बोलता येत असतं तर मी आबांना तेच विचारलं असतं. ओठ सुजून एवढे झाले होते, की शिवीसुद्धा बाहेर पडेना.

दवाखान्यात डायरेक्टरनं लिहून दिलं, ट्रॉलीवरून पडला. उजव्या हाताच्या दोन बोटांत तारा घातल्या, बरगड्यांना पट्टा बांधला. तारा निघाल्या तरी बोटं वळेनात. वेल्डिंगचा होल्डर त्या हातात धरला की सुटून पडतो. डावा हात शिकतोय, पण डाव्या हातानं मारलेली लाइन माझ्यासारख्या माणसाला बघवत नाही. गिऱ्हाइकाला दिसत नाही, मला दिसते. दुकानात मी आता मापं घेतो, आणि वेल्डिंग दुसरा करतो.

तेव्हापासून माझ्या डोक्यात एकच गोष्ट होती. त्या माणसाला आत घालायचं. आधी त्याहून वाईट होती, ती सांगायला मला लाज नाही. दुकानात लोखंड धरायचा वाइस आहे, त्याच्या जबड्यात मनातल्या मनात मी रोज त्याचा हात ठेवायचो आणि हँडल फिरवायचो. सावकाश फिरवायचो. त्याची सगळी बोटं झडू देत म्हणून बायको शिव्या घालायची, "त्यानी बठ्ठी बोटं झडी जातीन, देखजो." ते ऐकून मला दोन घास जास्त जायचे. बागेचं मी तिला सांगितलंच नव्हतं. सांगितलं असतं तर तिच्या शिव्यांची धार गेली असती, आणि मला त्या शिव्या हव्या होत्या.

एक दिवस दुकानात एक गिऱ्हाईक मोबाइल नाचवत आलं. "भाऊ, काय मार खाल्ला, एक नंबर." डायरेक्टरनं पिक्चरची झलक चढवली होती आणि त्यात तोच सीन. मी पडतो, पाय हवेत राहतो, तो पाय धरून मला ओढतात. खाली लोकांनी हसून हसून रडणाऱ्या तोंडांची रांग लावली होती. माझं डोकं फिरलं. तसाच चालत त्याच्या स्टुडिओत गेलो, लायटीचा लोखंडी स्टँड डाव्या हातात घेतला आणि काचेच्या काउंटरवर घातला. लग्नांचे अल्बम काचेसकट खाली आले. तो मधे आला तर त्याच्या कपाळाला लागलं. रक्त डोळ्यात उतरत होतं आणि तो ते पुसतही नव्हता. शाळेपासूनचा माझा दोस्त, त्याचं रक्त बघून मला तेव्हा बरं वाटलं.

तो खाली बसला आणि म्हणाला, "मी माईकवरून त्यांना मारायला सांगत होतो. मला झोप लागत नाही." मग म्हणाला, "तुला पोलिसांत जायचं आहे ना? कच्च्या शूटिंगमध्ये त्याचं तोंड स्पष्ट आहे. त्याहून मोठा पुरावा नाही. तू फक्त डबिंग करून दे, पिक्चर पुरा होऊ दे. त्याच दिवशी सगळं कच्चं शूटिंग तुझ्या हातात ठेवतो आणि साक्षही देतो. ट्रॉलीवरून पडला हे मीच खोटं लिहिलं, असं सांगतो." मी कबूल झालो. मला पिक्चर नको होता. मला त्याचं तोंड हवं होतं.

डबिंगला आम्ही जळगावला जातो. एका कापडाच्या दुकानाच्या वर खोली आहे, भिंतींना गाद्या ठोकलेल्या, पंखा बंद, कारण त्याचा आवाज येतो. आमच्या पिक्चरांत जागेवरचा आवाज कधीच वापरत नाहीत. पडद्यावर ओठ हलतात, त्याकडं बघत माईकपुढं बोलायचं. त्या सीनला तर कॅमेऱ्यात आपसूक आलेल्या आवाजात दुसरं काही ऐकूच येत नव्हतं. नुसता डायरेक्टरचा स्पीकरवरचा आवाज: मस्त, पुढं या, त्याला उठू देऊ नका. तो ऐकून डायरेक्टर उठून बाहेर गेला आणि तोंड धुऊन आला.

आधी माझ्या किंकाळ्या भरायच्या होत्या. पडद्यावर मी लोळत होतो, तोंड उघडं, आणि इथं गादीच्या खोलीत मी कानाला हेडफोन लावून "आई गं" म्हणत होतो. जमेना. जी किंकाळी खरी निघाली होती, तिची मला आठवणच नव्हती. मी मोठ्यानं ओरडलो तर नाटकी वाटे, हळू ओरडलो तर दात दुखतोय असं वाटे. डायरेक्टर भीत भीत म्हणाला, "खोटं वाटतंय रे." मी हेडफोन भिंतीवर फेकला. माझा हात मोडला, दात गेला, बरगड्या गेल्या, आणि माझंच ओरडणं खोटं वाटतंय म्हणे. पाणी प्यायलो, पुन्हा उभा राहिलो, दुपार उलटेपर्यंत ओरडत होतो. शेवटी आम्ही जुन्या पिक्चरातल्या माझ्याच एका लुटुपुटूच्या किंकाळीवर काम भागवलं.

मग मारणाऱ्यांचे आवाज. आमच्याकडं चार माणसांचे आवाज एकटाच काढतो, आणि तो एकटा म्हणजे मी. डायरेक्टर म्हणाला, "हे राहू दे, मी काढतो." मी म्हणालो, "नको, मला त्याला नीट बघायचं आहे." कॅमेऱ्यात त्याचं तोंड खरंच स्पष्ट होतं. त्यानं लाथ घातली की ओठ हलायचे. पुन्हा लाथ, पुन्हा ओठ. डायरेक्टरनं वाक्य लिहून ठेवलं होतं, "चोरट्या, आमची मोटर दे." ते ओठांवर बसेना. लांबी जुळेना, तोंड मिटायच्या जागी उघडं राहायचं. त्यावर एखादी शिवी बसते का ते बघितलं. शिव्या आमच्याकडं कमी नाहीत, एकही बसली नाही.

आम्ही तो तुकडा पुन्हा पुन्हा लावला. माझी आई त्याच बाजूची, यावलची. तिची बोली लहानपणापासून माझ्या तोंडात आहे. मी पडद्याकडं बघत त्याच्याबरोबर नुसते ओठ हलवायला लागलो, आवाज न काढता, तो हलवतो तसे. आणि एकदम वाक्य माझ्या तोंडात आलं. तो शिव्या देत नव्हता. तो विचारत होता. "मी तुहं काय बिघडवलं होतं रे?" लाथ. "मी तुहं काय बिघडवलं होतं रे?" लाथ. माझ्या हातावर टाच फिरवतानाही तेच. सगळा वेळ तो माणूस मला एकच प्रश्न विचारत होता आणि मी त्याच्यापुढं दात दाखवत होतो. त्याच्या तोंडावर मला जो घाम वाटला होता तो घाम नव्हता. तो रडत होता.

डायरेक्टरच्याही ध्यानात आलं असावं, कारण त्यानं रेकॉर्डिंगचा लाल दिवा लावला. मी ते वाक्य बोललो. प्रत्येक लाथेला बोललो, जितक्या लाथा होत्या तितक्या वेळा. आवाज कुठून आला मला माहीत नाही. संपलं तेव्हा माझा गळा फाटला होता आणि शर्टाची बाही ओली होती. माझं स्वतःचं ओरडणं दिवसभरात जमलं नव्हतं. त्याचं एका झटक्यात झालं. डायरेक्टर नेहमी "आणखी एकदा, सेफ्टीला" म्हणतो. त्या दिवशी म्हणाला नाही.

ठरल्याप्रमाणे त्यानं कच्चं शूटिंग माझ्या हातात दिलं. पोलीस स्टेशनचा रस्ता विचारायची गरज नव्हती, तो मी आधीच बघून ठेवला होता. मी बसस्टँडवर गेलो आणि धुळ्याची गाडी धरली. पारोळा येईपर्यंत स्वतःलाच शिव्या देत होतो. मी त्याला माफ केलं असं कुणी समजू नये. तो आजही समोर आला तर माझी मूठ वळेल, जितकी वळते तितकी. पण तक्रार लिहून घेणाऱ्यानं पहिलाच प्रश्न विचारला असता, मारताना तो काय म्हणत होता. आणि ते आता मला माहीत होतं. ते एकदा बोलून मी दमलो होतो. घरी पोचल्यावर आबांना फोन करून विचारलं, बाग कापणारा सापडला का. आबा म्हणाले, पंचनामा झाला तेवढाच.

पिक्चर चढला तेव्हा बायको कणीक मळत होती. मोबाइल तिनं डब्याला टेकवून ठेवला होता. भिंगातून मी ठसे बघतो तिथं ती हसली, जेवायला बोलावतात तिथं जास्तच हसली. शेवटचा सीन आला आणि तिचे हात थांबले. मी दारात उभा होतो. माझ्या जुन्या किंकाळ्या वाजत होत्या, आणि त्यावर तो प्रश्न, पुन्हा पुन्हा.

"हाऊ मारनारा कसाले रडी राहिना?" मारणारा का रडतोय, असं तिनं विचारलं. मग जरा वेळानं, "आन आवाज तर तुना शे."

मी तिच्यासमोर पाटावर बसलो आणि आबांनी पिकअपमध्ये सांगितलेलं सगळं तिला पहिल्यांदा सांगितलं. निसवलेली बाग, कोयता, पंचनामा, कोटावरचे डाग. ज्याची बोटं झडावीत म्हणून ती इतके महिने शिव्या देत होती, त्याचं सगळं सांगितलं. ती कणकेच्या गोळ्याकडं बघत ऐकत होती. मोबाइलवर दुसरं काहीतरी आपोआप सुरू झालं, ते तिनं कोपरानं बंद केलं.

"मंग त्यानी बाग कापी कोन्ही?" ती म्हणाली.

मी म्हणालो, कुणी शोधायला गेलंच नाही.